पाळीवरच्या कथड्या

दुधराम पऱ्ह्यांच्या, धानाच्या रोपांच्या, पेंढ्या बांधत होता, तेव्हा योगराज धुऱ्यावर, शेताच्या बांधावर, येऊन उभा राहिला. अंगावर वर्दी होती, पण टोपी हातात होती. योगराज शेजारच्याच गावचा, ठाण्यात शिपाई. दुधरामच्या बायकोला, रुख्माला, पकडून नेलं त्या दिवशी तोही जीपमध्ये होता, आणि तेव्हापासून दुधराम दिसला की रस्ता बदलायचा. आज सरळ बांधीवर आला होता.

"काका, वर या."

"येतो. एवढी पेंढी होऊ दे."

"राहू द्या पेंढी."

दुधरामने पेंढी बांधली. मुळांचा चिखल पाण्यात खळबळून काढला, ती बाकीच्या पेंढ्यांजवळ ठेवली, हात धुतले आणि मग वर आला. येत्या सोमवारी तो बायकोला भेटायला जेलात जाणार होता. मुलाकातीचा दिवस बदलला असेल, असं त्याला वाटलं.

"काकी गेली," योगराज म्हणाला.

"कुठं नेली?"

योगराजने टोपी या हातातून त्या हातात घेतली.

"नेली नाई काका. काल दवाखान्यात भरती केली होती. ताप होता, दम लागत होता म्हणते. सकाळी वारली."

पलीकडच्या बांधीत, शेजारच्या खाचरात, बाया रोवणी करत होत्या. ओळीने वाकलेल्या त्या एकेक करून उभ्या झाल्या. सुशीलाबाईच्या हातातले पऱ्हे तसेच हातात राहिले. दुधरामने तिच्याकडे पाहिलं, मग काढून ठेवलेल्या पेंढ्यांकडे पाहिलं.

"हे पऱ्हे काढून झाले," तो म्हणाला. "आज नाई लागले तं वाया जातीन."

"आमी लावतो भाऊ. तुमी घरी जा."

बायांनी ती सगळी बांधी लावली. मग चिखलाच्या पायांनी दुधरामच्या घरी आल्या आणि तिथे रडल्या.

रुख्माला दुसऱ्या दिवशी दुपारी आणलं. मुलगा धर्मेंद्र रायपूरहून आला होता, तोच गाडीसोबत गेला. अंगावर जेलातली साडी होती. दामिनीने, सुनेने, पेटीतलं चांगलं लुगडं काढून वर घातलं. दुधराम बाजूला उभा होता. रुख्मा फार लहान दिसत होती. माणूस इतकं लहान कसं होतं, एवढंच त्याच्या मनात येत राहिलं.

जळून झाल्यावर परत येताना धर्मेंद्र म्हणाला, "बाबा, आईनं कायले आपल्यावर घेतलं?"

"घेतलं नाई. घाबरून बोलली असंल."

"आई कवा घाबरली?"

दुधराम पुढे चालत राहिला.

गोरेगावहून येणारी एसटी तलावाच्या पाळीवरूनच जांभुळबोडीत शिरते. तलाव गावच्या कोहळी समाजाच्या लोकांनी बांधलेला, दुधरामच्या पणज्याच्याही आधीचा. कोणत्या वर्षी पाणी कुठवर चढलं, तुडूम, म्हणजे पाणी सोडायचं दार, कधी उघडायचं, पाटाचं पाणी आधी कोणाच्या बांधीत जायचं, हे सगळं या लोकांच्या तोंडी असतं. मागच्या दिवाळीच्या तोंडावर ग्रामपंचायतीत कळलं, की तलावाचं पाणी डोंगराकडे होणाऱ्या कारखान्याला द्यायचं ठरलं आहे. पाळ फोडून नळ टाकायचे होते. गाव निवेदन घेऊन तहसीलवर गेलं. मग बाया पाळीवर बसल्या. मग जमावबंदी लागली. बोर्ड लावायचा नाही, घोषणा द्यायच्या नाहीत, पाच जणांनी एका जागी उभं राहायचं नाही. ओमेश नावाच्या पोराने तरी मोबाईलवर काहीतरी बोलून टाकलं, तर पोलिसांनी त्याला घरातून ओढून चौकात मारलं. तो अजून पाय ओढत चालतो. त्या दिवसापासून गावातली माणसं गप्प झाली. दुधरामही गप्प झाला.

बाया कथड्या शिवू लागल्या.

कथडी म्हणजे जुन्या लुगड्यांची गोधडी. थंडीच्या दिवसांत ती घरोघर शिवतातच. ओसरीवर कापडांचे थर पसरायचे आणि चार कोपऱ्यांवर चौघी बसायच्या. प्रत्येकीने आपल्या कोपऱ्यातून टाका धरायचा आणि कडेकडेने आत यायचं. शेवटी मधोमध चौघींचे हात एकत्र येतात. ज्या घरची ओसरी, त्या घरचं लुगडं सगळ्यात वर. त्यावर एरवी फुलं, पोपट, तुळशी. त्या वर्षी कुंदाबाईच्या ओसरीवर तलाव शिवला गेला. निळ्या काठाचं पाणी, मातकट पाळ, खाली हिरव्या तुकड्यांच्या बांध्या, आणि पाळ फोडून निघालेली एक काळी पट्टी. पट्टीच्या पुढच्या बांध्या पोत्याच्या कापडाच्या होत्या.

कथडी वाळू घालतात तशी त्यांनी ती पाळीवर वाळू घातली, रस्त्याच्या बाजूने. एसटीतून येणारे-जाणारे पाहू लागले. मग आणखी कथड्या आल्या. ड्रायव्हर पाळीवर गाडी हळू करू लागला.

एक दिवस योगराज आणि त्याच्यासोबतचा एक जमादार तिथे थांबले.

"एवढ्या कथड्या काऊन वाळू घातल्या बाई?" जमादाराने विचारलं.

"पोरं मुततेत साहेब," कुंदाबाई म्हणाली. "तुमच्या घरची पोरं मुतत नाईत का?"

"रोजच मुततेत?"

"रोजच. तुमच्या गाडीचा आवाज आला का जास्तच मुततेत."

योगराजने तोंड फिरवून हसू दाबलं. त्या दिवशी तेवढ्यावर निभावलं.

पुढची कथडी रुख्माच्या ओसरीवर झाली. वर तिचं हळदी रंगाचं लुगडं होतं. त्यावर चौक होता, जीप होती, जमिनीवर पडलेला ओमेश होता, आणि लाठ्या म्हणून पांढरे तिरपे लांब टाके होते, इतके की तेवढ्या भागात हळदी रंग दिसत नव्हता. ते टाके दामिनीचे. बाकीचं सुशीलाबाईचं आणि कुंदाबाईचं. चौथ्या कोपऱ्यावर रुख्मा बसली होती, पण नुसती कापड ताणून धरायला. तिच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता. सुई ओवायची तर राहोच, समोर धरलेली सुई तिला दिसत नसे. रोवणी झाली की ऑपरेशन करू, असं ती दर वर्षी म्हणायची. ती कापड धरून बसायची, सुपारी कातरायची आणि सांगायची, जीप इथं होती, पोरगा तिथं पडला होता, त्याची माय या अंगानं पळत आली. त्या दिवशी ती चौकातच होती. तिला दिसलं किती ते देव जाणे, पण ऐकलं सगळं होतं.

ती कथडी पाळीवर फार दिवस राहिली नाही. कोणीतरी फोटो काढला, तो फिरत फिरत वरपर्यंत गेला. तहसीलवर गेली तेव्हा रुख्मा तेच हळदी लुगडं नेसून गेली होती, आणि तिथला फोटो पोलिसांच्या मोबाईलात होता; त्यावरून लुगडं ओळखलं गेलं. ठाण्याचा साहेब जीप घेऊन थेट तिच्या दारात आला. दुधराम तेव्हा शेतात होता. कथडी कोणी शिवली, असं साहेबाने विचारलं. दामिनी आत तान्ह्या लेकीला, नीतूला, पाजत होती. रुख्मा ओसरीवरून उठली आणि म्हणाली, मी.

दुधराम घरी पोचला तेव्हा ओसरीवर तिची चप्पल तेवढी होती.

साधं चिथावणीचं कलम असतं तर जामीन झाला असता. पण कथडीमागे जंगलवाल्यांचा, म्हणजे नक्षलवाद्यांचा, हात आहे, असं पोलिसांनी लिहिलं. मग जामीन कुठला. धर्मेंद्रने गोंदियात इंद्रकुमार नावाचा वकील पाहिला. दुधराम त्याच्याकडे गेला की एकच सांगायचा.

"तिले सुई दिसत नाई, वकीलसाहेब. कोर्टापुढं तिच्या हातात सुई-धागा द्या. ओवून दाखवली तं मले फाशी द्या."

वकिलाला ते पटलं. तो म्हणाला, डॉक्टरकडून डोळे तपासून घेऊ, तसा अर्ज करतो. मग एके दिवशी त्याने दुधरामला बसवून घेतलं आणि सांगितलं, बाई तपासणीला तयार नाहीत.

पुढच्या मुलाकातीत दुधरामने जाळीतूनच तिला धारेवर धरलं.

"डोळे दाखवाले नाई काऊन म्हटलं?"

"कायले दाखवू? म्हातारपणात सर्वायचेच जातेत."

"डोळे दाखवले तं सुटशीन ना तू! तुले शिवताच येत नाई हे मी कोर्टात सांगीन."

"तुमी काही सांगू नका," रुख्मा म्हणाली. जाळीच्या पलीकडे ती नेमकी त्याच्याकडे बघत नव्हती, थोडी बाजूला बघत होती, आवाज येत होता त्या अंदाजाने. "डोळ्याचं तं बोलूच नका. नीतूले दात आले का?"

"आले दोन."

"चावते का दामिनीले?"

"मले काय माहीत! तू इथं काय विचारून राहिली!"

"चावत असंल तं म्हणा, चमच्यानं पाजू नको. वरचं दूध आताच सुरू करू नको म्हणा."

शिपाईणीने वेळ झाली म्हणून सांगितलं. परत येताना गाडीत दुधराम रागातच होता. ही बाई आयुष्यभर अशीच. विचारावं एक आणि सांगावं भलतंच.

ती शेवटची मुलाकात ठरली.

तेरवी झाली, धर्मेंद्र रायपूरला परत गेला. त्यानंतर सुशीलाबाई आणि कुंदाबाई रुख्माची लुगडी मागायला आल्या. गेलेल्या बाईची लुगडी घरात घडी करून ठेवत नाहीत, बाया वाटून नेतात. दुधरामने पेटी उघडून दिली आणि तो बाहेर जाऊन बसला. आतून बायांचं बोलणं ऐकू येत होतं. हे कोणत्या लग्नातलं, हे माहेरचं, हे बाजारात तिनं दुकानदाराशी भांडून घेतलेलं. एकदा हसूही आलं त्यांना. बाहेर येताना कुंदाबाईच्या काखेत गाठोडं होतं.

"येतो भाऊ," ती म्हणाली.

"नेलं सर्व?"

"एक ठेवलं. दामिनीसाठी."

दुधराम दुसऱ्याच दिवशी गोंदियाला गेला. इंद्रकुमारने त्याला चहा पाजला आणि समजावून सांगितलं, की आरोपी मरण पावला की केस बंद होते. कोर्ट लिहितं, मयत झाल्यामुळे कामकाज बंद.

"पण ती दोषी होती का नोती?"

"ते ठरतच नाही मग."

"नाई ठरलं तं तिच्या नावावर तसंच राहीन? जंगलवाल्यांची बाई म्हणून?"

वकील जरा वेळ पेनशी खेळत बसला.

"एक अर्ज करता येईल," तो म्हणाला. "घरच्यांनी मागणी करायची, की चौकशी पुरी करा आणि त्या निर्दोष होत्या हे नोंदवा. डोळ्यांचा मुद्दा आपल्याकडे आहे. मागे झालेल्या नेत्र शिबिरातल्या डॉक्टरांना त्या आठवतात. सोपं नाही, वेळ लागेल. पण करून पाहू."

"करा," दुधराम म्हणाला. "मले दुसरं काही नाई पाहिजे. तिनं ते केलं नाई, एवढं कोर्टानं म्हणलं पाहिजे."

तो अर्ज आत गेला. त्यानंतर दुधरामला जेवण जाऊ लागलं. संध्याकाळी तो नीतूला मांडीवर घेऊन ओसरीवर बसायचा. दामिनी त्याच्याशी कमी बोलायची. तो कोर्टाचं काही बोलू लागला की ती उठून आत जायची. एकदा तिने म्हटलं, "मामाजी, मले तुमच्याशी बोलाचं होतं," आणि तेवढ्यात नीतू पडली, रडली, आणि ते राहून गेलं. दुधरामनेही नंतर विचारलं नाही.

तान्हा पोळा झाला. पावसाने उघडीप दिली होती. दुधराम तुडूम पाहायला पाळीवर गेला, तर रस्त्याच्या कडेला पाच-सहा कथड्या वाळत होत्या, आणि त्यांत एक नवी होती. दुरूनच त्याला कापडं ओळखू आली. ते माहेरचं. ते भांडून घेतलेलं.

कथडीवर एकच बाई होती. बसलेली, पाठमोरी. बाकी काही नाही. तलाव नाही, जीप नाही. लुगड्याच्या तुकड्यांत नुसती पाठ, मानेवर लहानसा अंबाडा, आणि उजवा खांदा डाव्यापेक्षा खाली. तरुणपणी पाण्याचा हंडा घेऊन रुख्मा पाळीवरून घसरली होती, तेव्हापासून तो खांदा तसाच होता.

सुशीलाबाई पाळीच्या दगडावर बसून कथड्यांची राखण करत होती. दुधरामला पाहून ती उठली नाही.

"मले विचारलं काऊन नाई?" तो म्हणाला.

"विचारलं असतं तं तुमी नाई म्हटलं असतं."

"नाईच म्हटलं असतं. एक बाई गेली, पुरं नाई झालं तुमाले?"

"नाई झालं," सुशीलाबाई म्हणाली. तिचा आवाज चढला नाही. "आमच्यातली गेली. आमी काय करावं? ओरडाची बंदी. रस्त्यावर बसाची बंदी. तिचा फोटो लावला तं तो बी काढून नेला चौकातून. मंग पाठमोरी शिवली. आता पाठीवर बी बंदी आणतीन तं आणो."

एसटी आली, पाळीवर हळू झाली. खिडकीतल्या एका म्हातारीने हात जोडले. कोणाला जोडले ते तिलाही माहीत नसावं.

"खांदा कोणी शिवला?" त्याने विचारलं.

सुशीलाबाई तलावाकडे बघत राहिली. सांगायची गरजही नव्हती. त्या खांद्याला रोज तेल लावून चोळायची ती दामिनीच.

दोन दिवसांनी साहेब आला. सोबत योगराज, हातात पोतं. सकाळची वेळ होती. दुधरामने खाट टाकून दिली. साहेब तरुण होता, पुण्याकडचा असावा. बोलायला सभ्य होता. त्याने आधी रुख्माबद्दल वाईट वाटल्याचं सांगितलं, आणि ते खोटं वाटलं नाही.

"तुमचा अर्ज माझ्याकडे आलाय," तो म्हणाला. "खरं सांगू का, मला स्वतःला तुमचं म्हणणं पटतं. आजींना मोतीबिंदू होता. त्या इतकं बारीक काम करूच शकत नव्हत्या. आमच्याकडून घाई झाली."

इतके महिने हे वाक्य दुधरामला कोणाच्या तरी तोंडून ऐकायचं होतं, आणि ते त्याच्या स्वतःच्या ओसरीवर आलं होतं.

"तुम्ही वकिलाला जे सांगता तेच मला जबाबात सांगा," साहेब म्हणाला. "त्यांना दिसत नव्हतं, त्यांनी शिवली नाही. मी तसा अहवाल पाठवतो. कोर्टात आम्ही विरोध करणार नाही. आजींचं नाव स्वच्छ होईल."

"होईन?"

"नक्की होईल."

योगराजने पोत्यातून कथडी काढून खाटेवर पसरली. पाठमोरी बाई वर आली. आतून भांड्याचा आवाज आला आणि थांबला. दामिनी चहा करत होती.

"आता ही," साहेब म्हणाला. "आजी तर नाहीत. तरी ही आली. म्हणजे शिवणारं दुसरं कोणी आहे, आणि पहिलीही त्यांनीच शिवली असणार. बरोबर ना? दोन्हींवरचा टाका एकच आहे, आम्ही जाणकाराला दाखवून घेतलाय. पहिली तुमच्या ओसरीवर झाली. तर दुधरामजी, तेवढंच सांगा. या घरात सुई कोण धरतं?"

योगराज अंगणाकडे बघत होता. नीतू दाराच्या उंबऱ्याला धरून उभी राहायचा प्रयत्न करत होती, बसत होती, पुन्हा उभी राहत होती. दारामागे दामिनीचे पाय दिसत होते. ते हलत नव्हते.

दुधरामने कथडीची कड हातात घेतली. शिवण पाहण्यासाठी ती उजेडाकडे धरली. रुख्मा डोळ्यांचं का बोलू देत नव्हती, ते त्याला आता कळलं. जाळीपलीकडून ती दातांचं, दुधाचं का विचारत होती, तेही कळलं. ती विचारत होती ते सगळं एकच होतं, आणि तो गाडीभर तिच्यावर रागावत परत आला होता.

"तिचाच टाका हाय," तो म्हणाला.

"कोणाचा?"

"रुख्माचा."

साहेब थोडा पुढे झुकला. "दुधरामजी, त्यांना दिसत नव्हतं. तुम्हीच म्हणता."

"म्हणत होतो. खोटं म्हणत होतो."

"खोटं?"

"बायको जेलात असली तं माणूस काय बी म्हणते साहेब. चांगलं दिसत होतं तिले. तांदळातला खडा दुरून सांगे. गावात कोणाले बी विचारा."

योगराजने झटकन त्याच्याकडे पाहिलं. रुख्माकाकी अंगणात आलेल्या माणसाला आवाजाशिवाय ओळखत नसे, हे त्याला ठाऊक होतं. त्याने पुन्हा अंगणाकडे तोंड केलं.

"आणि डॉक्टर?" साहेबाने विचारलं. "शिबिरातले?"

"शिबिरात गावच्या म्हाताऱ्या सर्व्याच गेल्या होत्या. डॉक्टरले कोणती आठवते काय माहीत."

"ठीक आहे. मग ही नवी कथडी? ती त्यांनी मेल्यावर शिवली?"

"आधीच शिवून ठेवली होती. पेटीत होती. भादव्याचं ऊन पडलं, कुबट वास येत होता, मी वाळू घातली पाळीवर. मी घातली. घरातल्या कोणाले विचारलं बी नाई."

साहेब उठला. खाटेच्या भोवती फिरून पलीकडे गेला आणि कथडीकडे बोट केलं. आता त्याचा आवाज तितका सभ्य राहिला नव्हता.

"ही बाई कोण आहे?"

दुधरामने पाहिलं. अंबाडा, मान, खाली आलेला खांदा.

"ही तुमची बायको आहे ना?"

"नाई," दुधराम म्हणाला.

"नीट बघून सांगा."

"पाहिलं. माही बायको अशी नोती. ही कोणती तरी बाई हाय. बाया काढतेत तशी."

साहेबाने जबाब लिहून घेतला. लिहिताना तो प्रत्येक वाक्य मोठ्याने वाचत होता, आणि दुधराम हो म्हणत होता. मयत रुख्मा हिची नजर चांगली होती. दोन्ही कथड्या तिनेच शिवल्या. तिच्यासोबत दुसरं कोणी नव्हतं. दुधरामने सही केली. त्याची सही मोठी होती, ओळीच्या खाली आली.

"तुम्हाला ठाण्यात यावं लागेल, बोलावू तेव्हा," साहेब म्हणाला. "पाळीवर लावल्याबद्दल."

"येईन."

योगराजने कथडी पोत्यात भरली. घडी घालून भरली, कोंबली नाही. जाताना तो दाराशी थांबला, नीतूच्या गालाला बोट लावलं आणि जीपकडे गेला.

चहा झाला होता, पण कोणी प्यायला नव्हता. दामिनी बाहेर आली. तिने दुधरामसमोर कप ठेवला आणि तिथेच खाली बसली.

"मामाजी, मी सांगतो जाऊन. आत्याबाई होत्या तवाच सांगाचं होतं. त्यायनं मले नीतूची शपथ घातली होती."

"मोडू नको मंग."

"तुमी कोर्टात जाणार होते. आत्याबाईचं नाव..."

"चहा थंडा झाला," दुधराम म्हणाला. "गरम कर."

ती उठली नाही. पदराने तोंड झाकून रडू लागली. दुधरामने नीतूला उचलून मांडीवर घेतलं. तिने त्याचं बोट तोंडात घातलं आणि चावलं. आता तिला चार दात होते.

आठवड्याने इंद्रकुमारचा फोन आला. दुधराम धुऱ्यावर होता. धान पोटरीला येत होतं. वकील पहिल्यांदाच त्याच्याशी चढ्या आवाजात बोलला.

"काय करून बसलात तुम्ही? तुमच्याच सहीचा जबाब आहे. आता अर्ज उभाच राहत नाही. मला विचारायचं तरी होतं!"

"चुकलं वकीलसाहेब."

"धमकावलं का तुम्हाला? तसं असेल तर सांगा, आपण जबाब बदलून घेऊ. अजून वेळ गेलेली नाही."

"कोणी धमकावलं नाई."

"मग अर्ज मागे घेऊ का?"

दुधरामने बांधीकडे पाहिलं. ही तीच बांधी, जी त्या दिवशी बायांनी लावली होती. धान सगळीकडे सारखं वर आलं होतं.

"घ्या," तो म्हणाला.

फोन ठेवून तो घरी गेला. कुंदाबाईच्या ओसरीवर चौघी बसल्या होत्या. चौथ्या कोपऱ्यावर आता दुसरी कोणी होती. त्याला पाहून त्यांचे हात थांबले. तो पुढे गेल्यावर पुन्हा चालू झाले.

रुख्माने ती कथडी शिवली नव्हती. हे कोर्टात सांगायचं राहून गेलं.